जुनं फुटेज सापडलं, पण हक्क कुणाचे?

साताऱ्याच्या एका तरुण दिग्दर्शिकेचा प्रश्न आहे. कोयनेचा १९६७ चा भूकंप आणि धरणाच्या पाण्याखाली गेलेली गावं यांवर तिचा तासाभराचा माहितीपट चालू आहे. एका मराठी वाहिनीनं ‘पूर्ण करून आणा, मग बघू’ असं सांगितलंय. महोत्सवांना पाठवायचाय, पुढंमागं ओटीटीवरही जावा अशी इच्छा आहे. यूट्यूबवर भूकंपाच्या जुन्या क्लिपा सापडल्यात, पाटणकडच्या नातेवाइकांकडं व्हीएचएस कॅसेटी आहेत. ती विचारते: पन्नासच्या वर वर्षं झाली, आता हे सगळं मोकळं नाही का झालं? परवानगी कुणाची घ्यायची, खर्च किती धरायचा आणि सुरुवात कुठून करायची?

मी सांगलीत राहतो. माहितीपट आणि मालिकांसाठी जुनं फुटेज शोधणं आणि त्याचे हक्क मिळवून देणं हेच माझं काम. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

परवानगी लागते. जवळजवळ प्रत्येक क्लिपला लागते. आणि ज्याच्याकडं फुटेज आहे त्यालाच ती देता येते असं नाही. जमिनीच्या बाबतीत हे आपल्याकडं शेंबड्या पोरालाही कळतं: वहिवाट एकाची, सातबारा दुसऱ्याच्या नावावर. फुटेजचं अगदी तसंच आहे. यूट्यूबवर क्लिप चढवणारा, कॅसेट जपून ठेवणारे तुमचे काका, रिळं थंड खोलीत सांभाळणारं सरकारी संग्रहालय, यांच्यातल्या कुणाकडंही नुसता ताबा असू शकतो. खरा मालक शोधणं हे या कामातलं निम्मं काम, आणि ते एडिटला बसायच्या आधी झालं पाहिजे. एकदा का एखाद्या शॉटवर प्रसंग उभा राहिला, त्यावर निवेदन बसलं, संगीत बसलं, की तो काढवत नाही. मग मालक सापडत नाही, किंवा सापडतो आणि बजेटच्या बाहेरचा आकडा सांगतो, आणि चांगला उभा राहिलेला प्रसंग मोडावा लागतो.

आता पन्नास वर्षांचं. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाची मुदत ६० वर्षं आहे, आणि न्यूजरील (थिएटरात दाखवायचा बातमीपट) किंवा माहितीपट हा कायद्याच्या नजरेत चित्रपटच. सरकारी साहित्यालाही प्रसिद्धीपासून तेवढीच मुदत आहे. मोजायला सुरुवात होते ती प्रदर्शनानंतरच्या १ जानेवारीपासून. भूकंप झाला ११ डिसेंबर १९६७ ला पहाटे. त्याच महिन्यात थिएटरात दाखवलेल्या न्यूजरीलची मुदत १ जानेवारी १९६८ पासून धरायची, म्हणजे ती ३१ डिसेंबर २०२७ ला संपते. मदतकार्याचं रीळ जानेवारी १९६८ मध्ये दाखवलं गेलं असेल तर ३१ डिसेंबर २०२८. एकाच घटनेची दोन रिळं, वर्षभराचा फरक. म्हणून ‘१९६७ चं फुटेज’ एवढं लिहून भागत नाही, रीळ प्रदर्शित कधी झालं त्याची नोंद हवी. छायाचित्रांचा हिशोब वेगळा आहे. २०१२ च्या दुरुस्तीपासून त्यांना छायाचित्रकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं संरक्षण मिळतं. तेव्हा भूकंपाचे फोटो न्यूजरीलच्या आधी मोकळे होतील असं धरून चालू नका.

मुदत संपली तरी दोन गोष्टी उरतात. पहिली, हक्क संपतो पण रीळ त्यांच्याच कपाटात राहतं. चांगली प्रत हवी तर स्कॅनिंगचे आणि प्रतीचे पैसे द्यावे लागतात, आणि ते रास्तच आहे. ती फिल्म इतकी वर्षं कुणीतरी सांभाळली म्हणून आज आपल्या हाताला लागते. दुसरी गोष्ट ओटीटीची. १ जानेवारी १९९६ रोजी भारतात ज्या चित्रपटांचे हक्क जिवंत होते, त्यांना अमेरिकेच्या कायद्यानं प्रदर्शनापासून ९५ वर्षांचं संरक्षण दिलंय. १९५० च्या दशकातली भारतीय फिल्म इथं मोकळी झाली असली तरी तिथं ती अजून बंद आहे. जगभर दाखवणारा प्लॅटफॉर्म हे विचारतोच. सरकारी संस्थेकडून लेखी परवाना घेतला की हा प्रश्न तिथंच मिटतो. मुदत संपलेल्या क्लिपलाही मी शक्य तिथं परवाना घ्यायला सांगतो तो याच कारणानं.

‘दहा सेकंदांपेक्षा कमी वापरलं तर चालतं’ हे वाक्य मला महिन्याकाठी कुणीतरी ऐकवतंच. कायद्यात असा सेकंदांचा नियम कुठंही नाही. कलम ५२ मध्ये टीका, समीक्षा, चालू घडामोडींचं वार्तांकन अशा ठरावीक कामांसाठी उचित वापराची सवलत आहे. एखाद्या न्यूजरीलनं भूकंप कसा दाखवला यावर तुमच्या माहितीपटात चर्चा असेल आणि त्यासाठी तुकडा दाखवला, तर समीक्षेचा मुद्दा मांडता येतो. निवेदनाखाली दृश्य हवं म्हणून तोच तुकडा टाकला तर तो मुद्दा टिकणं अवघड. अगदी नगण्य वापराकडं न्यायालयांनी दुर्लक्ष केल्याची उदाहरणं आहेत, पण तो बचाव खटला उभा राहिल्यावर वकिलानं मांडायचा असतो. निर्मितीच्या आराखड्यात तो धरायचा नसतो.

यूट्यूबबद्दल माझं मत असं आहे की तो आपला सगळ्यात मोठा कॅटलॉग आहे. तिथं शोधा, पण तिथून उचलू नका. ब्रिटिश पाथे या जुन्या न्यूजरील कंपनीनं २०१४ मध्ये आपली ८५ हजार रिळं यूट्यूबवर टाकली ती लोकांनी बघावीत आणि हवी ती विकत घ्यावीत म्हणून. एखाद्या अनोळखी चॅनेलवर क्लिप दिसली तर मूळ लोगो, निवेदकाचा आवाज, सुरुवातीच्या पाट्या यांवरून ती कुठल्या न्यूजरीलमधली आहे याचा माग काढायचा आणि थेट त्या संस्थेकडं जायचं. डाउनलोड केलेली फाइल रफ कटपुरती, म्हणजे एडिटच्या कच्च्या खर्ड्यापुरती ठीक. ती अंतिम प्रतीत राहिली तर हक्कांचा प्रश्न आहेच, आणि वाहिनीच्या तांत्रिक तपासणीतही ती अडकेल.

क्लिप खरंच त्या घटनेची आहे का, यावर मला थोडं थांबायचंय, कारण इथं आपल्याकडं फार ढिलाई चालते. कोयनेच्या भूकंपाची म्हणून एक कृष्णधवल क्लिप माझ्याकडं वेगवेगळ्या लोकांकडून आली आहे. दगडांचे ढीग, त्यात काहीतरी शोधणारी माणसं. पॉज करून बघितली की हलणाऱ्या हाताच्या कडेला कंगव्यासारख्या बारीक आडव्या रेघा दिसतात. त्या व्हिडिओ कॅमेऱ्याच्या. १९६७ साली बातमीचं चित्रण फिल्मवर व्हायचं, त्यात या रेघा येणार नाहीत. फिल्मचा रवाळ दाणा दिसेल, उभे ओरखडे दिसतील. मग घरं बघा. पडलेली छपरं सपाट, मातीची, जाड. माळवदं आहेत ती. पाटण-हेळवाकच्या पावसात माळवदाचं घर एक पावसाळाही काढणार नाही, तिकडं उतरती कौलारू किंवा पत्र्याचीच छपरं असणार. ते फुटेज मराठवाड्यातलं, किल्लारीच्या ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपाचं असावं असं मला वाटतं, कुणीतरी रंग काढून टाकलेत एवढंच. ज्यांची माणसं किल्लारीत गेली त्यांचं दुःख आपण दुसऱ्या गावाच्या नावानं दाखवायचं, हे मला मान्य नाही. आणि पाटण तालुक्यातला कुणीही म्हातारा माणूस ते बघून तुमच्या बाकीच्या माहितीपटावरचाही विश्वास काढून घेईल.

हेही लक्षात ठेवा की भूकंप पहाटे सव्वाचारच्या सुमारास झाला. प्रत्यक्ष हादऱ्याचं चित्रण कुणी ‘आहे’ म्हणून दाखवलं तर ते दुसरीकडचं समजा. जे मिळेल ते नंतरचं: पडकी घरं, तंबू, मदतीच्या गाड्या, पाहणीचे दौरे. हादऱ्याचा खराखुरा पुरावा हवा असेल तर धरणाच्या गॅलरीतल्या यंत्रानं नोंदवलेला आलेख आहे. भूकंप अभियांत्रिकी शिकणाऱ्यांना तो जगभर माहीत असतो. ती थरथरती रेघ पडद्यावर सावकाश सरकू दिली तर मला वाटतं कुठल्याही उसन्या दृश्यापेक्षा जास्त सांगेल.

आता कुठं शोधायचं. तुमच्या विषयासाठी पहिलं दार फिल्म्स डिव्हिजनचं, म्हणजे केंद्र सरकारच्या माहितीपट विभागाचं. १९४८ पासून त्यांनी न्यूजरील आणि माहितीपट काढले, ते देशभरच्या थिएटरांत मुख्य चित्रपटाआधी दाखवावे लागत, आणि एकेक रीळ बऱ्याच भाषांत निघे. मार्च २०२२ पासून फिल्म्स डिव्हिजन, पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आणि बालचित्र समिती हे सगळं एनएफडीसीकडं (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडं) आलंय, तेव्हा पत्रव्यवहार तिकडं करायचा. ‘कोयना भूकंपाचं फुटेज हवंय’ एवढंच लिहिलं तर उत्तराला वेळ लागतो. आधी साताऱ्याच्या वाचनालयात बसून डिसेंबर १९६७ आणि जानेवारी १९६८ ची वर्तमानपत्रं काढा. कोण कधी आलं, छावण्या कुठं होत्या, कुठल्या तारखेला काय झालं याची यादी करा आणि ती पत्राला जोडा. कॅटलॉगमध्ये नोंदी गावाच्या नावानं असतीलच असं नाही. मंत्र्याच्या नावाखाली असतात, ‘मदतकार्य’ म्हणून असतात, धरणाच्या नावाखाली असतात. इंग्रजी स्पेलिंगंही दोन-तीन तऱ्हेनं शोधा, कोयना, सातारा, पुणे या प्रत्येक नावाचं जुनं लेखन वेगळं आहे. आणि भूकंपाच्या आधीची वर्षंही मागा. धरणाच्या बांधकामाचं चित्रण मिळालं तर त्यात तुम्हाला बुडालेल्या खोऱ्याची कडेकडेची दृश्यं सापडण्याची शक्यता आहे. बऱ्याचदा आपल्याला हवा असलेला शॉट चित्रण करणाऱ्याच्या दृष्टीनं बिनमहत्त्वाचा असतो.

पुण्याच्या संग्रहालयात जरूर जा, पण तिथं प्रिंट असली म्हणून हक्क त्यांचेच असतील असं नाही. कथापटांच्या बाबतीत तर ते बहुतेक वेळा फक्त सांभाळणारे असतात, ना-हरकत निर्मात्याची किंवा ज्यानं निगेटिव्हचे हक्क विकत घेतलेत त्याची लागते. जुन्या मराठी चित्रपटातलं कोयनेकाठचं दृश्य वापरायचा मोह झाला तर हे आठवा. त्यात गाणं असेल तर संगीत कंपनी आणखी वेगळी.

दूरदर्शनचं मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, तेव्हा भूकंपासाठी तिथं जाण्यात अर्थ नाही. पुनर्वसनावरच्या नंतरच्या कार्यक्रमांसाठी मात्र विचारा. आकाशवाणीचं सांगली केंद्र १९६३ पासून आहे. आवाज मिळाला तर सोनं. छावणीतल्या एखाद्या बाईची त्या वेळची मुलाखत आणि त्याखाली आजचं शिवसागराचं, म्हणजे कोयना जलाशयाचं पाणी, एवढं पुरतं. हक्क प्रसार भारतीकडं, अर्ज केंद्रामार्फत. राज्य सरकारचं माहिती व जनसंपर्क महासंचालनालय आणि जलसंपदा विभाग ही आणखी दोन दारं. त्यासाठी साताऱ्याच्या जिल्हा माहिती कार्यालयात स्वतः जाऊन भेटा, ईमेलनं तिथं काही हलत नाही.

परदेशी वृत्तसंस्था आणि न्यूजरील कंपन्या बघायला सोप्या, घ्यायला महाग. डॉलर-पौंडात दर, किमान आकारणी, आणि पैसे पाठवताना बँक सीएचं प्रमाणपत्र मागते, कर कापायचा का ते बघावं लागतं. अर्थसाहाय्य नसेल तर एखाद-दुसऱ्या अत्यावश्यक शॉटपुरतंच तिकडं जा.

खरी संपत्ती घराघरांत आहे असं माझं ठाम मत आहे. कोयनेचे विस्थापित ठाणे, रायगड, सोलापूर, सांगली अशा जिल्ह्यांत विखुरले. मूळ गावातून आणलेला देव, त्याची नव्या जागेतली यात्रा, गावकऱ्यांचे मेळावे याचं चित्रण ऐंशी-नव्वदच्या दशकात लोकांनी हौसेनं करून घेतलंय. साखर कारखान्यांच्या कपाटांत वार्षिक सभांच्या कॅसेटी पडून आहेत. तालुक्याच्या गावातल्या फोटो स्टुडिओत लग्नाच्या कॅसेटींमधे एखादी ‘धरणग्रस्त मोर्चा’ लिहिलेली सापडते. इथं मालक कोण? कायद्याचं कलम १७ सांगतं की पैसे देऊन कुणी चित्रण करून घेतलं असेल, आणि उलट करार नसेल, तर हक्क पैसे देणाऱ्याचा. म्हणजे लग्नाची कॅसेट स्टुडिओत असली तरी मालक ते घर. कारखान्यानं करून घेतलेलं चित्रण कारखान्याचं. पगारी नोकरानं नोकरीचा भाग म्हणून केलं तर मालकाचं. स्टुडिओवाल्यानं स्वतःच्या हौसेनं मोर्चा टिपला असेल तर तो त्याचा, आणि तो वारला असेल तर त्याच्या सगळ्या वारसांचा. धाकट्या मुलाची सही घेऊन येऊ नका, बहिणींच्याही सह्या लागतात.

म्हणून कॅसेट हातात घेतल्यावर माझे पहिले प्रश्न ठरलेले: कॅमेरा कुणी धरला, पैसे कुणी दिले, तेव्हा काही लिहून दिलं होतं का. उत्तरं तिथंच लिहून घ्यायची, सांगणाऱ्याचं नाव आणि तारीख घालून. मग मराठीत एका पानाचा करार. त्यात चित्रणाचं वर्णन, कुठल्या कामासाठी, कुठं कुठं दाखवणार, किती वर्षं, मोबदला किती, श्रेयनामावलीत नाव कसं हवं, आणि डिजिटल प्रत घरी परत देणार हे स्पष्ट लिहायचं. हक्क त्यांच्याकडंच राहतात, तुम्हाला फक्त वापराची परवानगी, हेही लिहा. लोकांना हे कळलं की ते मोकळेपणानं देतात. आणि कृपा करून फुकट मागू नका. परदेशी कंपनीला सेकंदाला पैसे मोजायचे आणि आपल्याच माणसाला चहावर वाटेला लावायचं, हे बरोबर नाही.

कॅसेट मिळाली की लगेच घरच्या व्हीसीआरमधे घालून बघायचा मोह आवरा. कोयनेकडच्या दमट हवेत टेपवर बुरशी धरते. झाकण उचलून कडेनं बघा, पांढरट ठिपके दिसले तर ती चालवायची नाही, व्हीसीआरच्या हेडला लागून टेप फाटते. पुण्या-मुंबईत टेप साफ करून टाइम बेस करेक्टर (टेपचं हलणारं चित्र स्थिर करणारं यंत्र) लावून डिजिटाइझ करणारे आहेत, त्यांच्याकडं द्या, आणि हवा तेवढाच तुकडा न घेता संपूर्ण कॅसेट एकाच वेळी उतरवून घ्या. ती पुन्हा चालेलच याची खात्री नसते. आम्ही सांगलीकरांनी २००५, २०१९ आणि २०२१ च्या पुरांत गावभागातल्या घरांतले अल्बम, निगेटिव्ह, कॅसेटी चिखलात गेलेल्या पाहिल्यात. कृष्णेनं एका रात्रीत जे नेलं ते कुठल्याही संग्रहात दुसरं नव्हतं. तुम्ही माहितीपटासाठी म्हणून उतरवलेली प्रत कदाचित त्या घराकडची एकमेव प्रत ठरेल.

महापुराचा विषय निघालाच आहे तर मोबाइल फुटेजबद्दलही सांगतो, कारण पुनर्वसनाची गोष्ट आजपर्यंत आणताना तुम्हाला ते लागेल. व्हॉट्सअॅपवर आलेल्या क्लिपचा मालक ती फॉरवर्ड करणारा नसतो, ज्यानं फोन धरून चित्रण केलं तो असतो. त्याच्याकडून मूळ फाइल मागा, तिच्यात तारीख-वेळ असते आणि दर्जाही चांगला असतो. आणि काही दृश्यं मिळाली तरी वापरायची नाहीत. ८ ऑगस्ट २०१९ ला महापुरात सांगली जिल्ह्यातल्या ब्रह्मनाळला बोट उलटली तेव्हाच्या क्लिपा आजही फिरतात. त्यातले चेहरे कुणाच्या तरी घरातले आहेत. नातेवाइकांना विचारल्याशिवाय मी त्यातली एकही फ्रेम कुणाला देत नाही, कायदा काय म्हणतो हा प्रश्न तिथं दुय्यम आहे.

आता परवान्याचा कागद. त्यात तीन गोष्टी बघायच्या: माध्यम, प्रदेश, मुदत. कायदा इथं फार काटेकोर आहे. परवाना लेखी हवा, आणि त्यात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. ‘सर्व हक्क दिले’ असं एका ओळीचं पत्र घेऊन लोक खूश होतात, आणि सहाव्या वर्षी ओटीटीवाला विचारतो तेव्हा हातात काही नसतं. तुमच्यासारख्या कामाला सुरुवातीला ‘सर्व माध्यमं, जगभर, कायमस्वरूपी’ घेणं परवडणार नाही. महोत्सवांपुरता परवाना आत्ता घ्या. वाहिनी आणि ओटीटीसाठी पुढचे दर त्याच करारात आज लिहून घ्या. नंतर माहितीपट विकला गेला की दर मागणाऱ्याच्या हातात जातो. ट्रेलर, पोस्टर आणि सोशल मीडियावरचे तुकडे यांचा वापर वेगळा लिहिलेला असावा. वाहिनीच्या करारात एक कलम असतंच की सगळे हक्क निर्मात्यानं मिळवलेत आणि दावा आला तर भरपाई निर्माता देईल. त्या कलमावर सही तुमची असते, म्हणून हे सगळं.

न्यूजरीलचा आवाज घेणार असाल तर तो परवान्यात धरलाय का विचारा. निवेदन आणि संगीत बहुधा एकाच ट्रॅकवर मिसळलेलं असतं, वेगळं काढता येत नाही, आणि संगीताचे हक्क कधी कधी चित्राबरोबर येत नाहीत. शंका असेल तर चित्र घ्या आणि आवाज नव्यानं बांधा. नेत्याचं जाहीर भाषण वापरताना आणखी एक बारकावा: भाषणाचा पहिला मालक कायद्यानं वक्ता असतो, चित्रण करणारा नव्हे. लांबलचक भाषण सलग दाखवणार असाल तर वारसांना पत्र लिहून ठेवावं.

मालक शोधूनही सापडला नाही तर कलम ३१-क खाली परवान्यासाठी अर्ज करता येतो. त्याआधी देशभर खपणाऱ्या इंग्रजी दैनिकात जाहिरात द्यावी लागते. प्रक्रिया लांब आहे, एखाद्या शॉटवर सगळा माहितीपट उभा असेल तरच तिकडं जा. पण शोध घेतल्याचे पुरावे, पाठवलेली पत्रं, आलेली-न आलेली उत्तरं, सगळं जपून ठेवा.

प्रत मागताना ‘एचडी द्या’ एवढं सांगू नका. मूळ काय आहे ते विचारा: निगेटिव्ह, प्रिंट, की जुन्या काळी बीटाकॅम या व्हिडिओ टेपवर उतरवलेली प्रत? फिल्म शिल्लक असेल तर नव्यानं स्कॅन करायची विनंती करा, फरक डोळ्यांना दिसतो. टेपवरून ताणून मोठी केलेली फाइल नावालाच एचडी असते. जुनं चित्र चारास तीन या मापाचं असतं, ते तसंच दाखवा, कडेला काळं राहिलं तर राहू द्या. माणसं रुंद करून किंवा डोकी कापून पडदा भरण्याची पद्धत आता तरी बंद व्हावी. घरगुती आठ मिलिमीटरच्या फिल्म बहुधा सेकंदाला १६ किंवा १८ फ्रेमनं चित्रित केलेल्या असतात, त्या २४-२५ नं चालवल्या की माणसं दुडूदुडू धावतात आणि गंभीर प्रसंगात हशा पिकतो. वेग दुरुस्त करून मागा.

खर्चाचा अंदाज असा काढतात. दर बहुतेक ठिकाणी सेकंदाला किंवा मिनिटाला असतो, वर किमान आकारणी, प्रतीचे पैसे आणि जीएसटी. समजा तुमच्या तासाभरात सहा मिनिटं जुनं फुटेज आहे, म्हणजे ३६० सेकंद. ते ४० शॉटमध्ये विभागलंय. प्रत्येक शॉट दोन सेकंदांनी आवरला तर ८० सेकंद वाचतात, जवळजवळ पाव खर्च. म्हणून संस्थेकडून वॉटरमार्क (चित्रावर छापलेली संस्थेची खूण) आणि टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ) असलेली प्रत घ्या, तिच्यावर एडिट पक्का करा, मगच सेकंद मोजून अंतिम मागणी द्या. मागताना दोन्ही बाजूंनी थोडे जास्तीचे फ्रेम घ्या, डिझॉल्व्हला, म्हणजे एक दृश्य दुसऱ्यात विरघळवताना लागतात. संस्थेचे विद्यार्थी, स्वतंत्र निर्माते, ना-नफा काम यांसाठी वेगळे दर असतील तर ते विचारल्याशिवाय कुणी सांगत नाही.

पहिल्या दिवसापासून एक तक्ता ठेवा. माझ्या तक्त्यातली ओळ साधारण अशी असते: क्लिप १४, छावणीतली चूल, न्यूजरील, टाइमकोड अमुक ते अमुक, सात सेकंद, मालक एनएफडीसी, प्रदर्शनाची तारीख तपासली का, आवाज घेतला नाही, कोटेशन आलं, करार बाकी. करार झाल्याशिवाय ती ओळ हिरवी करायची नाही. वाहिनी किंवा विमा कंपनी कागद मागेल तेव्हा हाच तक्ता आणि त्यामागची फाइल पुढं करायची असते.

वेळेचं म्हणाल तर सरकारी संस्थांकडून कोटेशन, पैसे भरणं, प्रत हातात येणं यात महिने जातात. एडिट पक्का व्हायच्या आधी तीन-चार महिने पत्रं गेलेली असावीत. या आठवड्यात वाचनालयातली तारखांची यादी पूर्ण करा, त्याच वेळी पाटणच्या नातेवाइकांकडच्या कॅसेटी झाकण उचलून तपासून घ्या. मग एनएफडीसीला पहिलं पत्र लिहा: माहितीपटाचं नाव आणि लांबी, निर्माता कोण, हव्या असलेल्या दृश्यांची तारखांसह यादी, मूळ साहित्य कुठल्या स्वरूपात आहे हा प्रश्न, बघण्यासाठी वॉटरमार्कची प्रत, आणि दर दोन तऱ्हेनं, फक्त महोत्सवांसाठी एक आणि सर्व माध्यमांसाठी एक.